वळिवाचा अंदाज आणि आपले घर

महाड तालुक्यातले वीर हे गाव तुमच्यापैकी अनेकांना कोकण रेल्वेचे स्टेशन म्हणून ठाऊक असेल. १९९३ साली या रेल्वेचा उत्तरेकडचा जो पहिला टप्पा सुरू झाला, तो रोह्यापासून वीरपर्यंतचा. या स्टेशनात बसलेल्या माणसाला गाडीची वेळ विचारता येते. गाडीला उशीर असला तर किती उशीर, तेही खिडकीवर सांगतात. आकाशातल्या ढगाला मात्र वेळापत्रक नसते. हवामानाचा अंदाज ऐकताना आपण नेमके हेच विसरतो.

मे महिन्यातली एखादी सकाळ घ्या. रेडिओवर सांगितले जाते की, रायगड जिल्ह्यात तुरळक ठिकाणी मेघगर्जनेसह विजांचा कडकडाट होण्याची आणि ताशी ३० ते ४० किलोमीटर वेगाने सोसाट्याचा वारा वाहण्याची शक्यता आहे. संध्याकाळ होते. वीरच्या अंगणातली धूळसुद्धा ओली झालेली नसते. मग शेजारची मावशी मास्तरांना विचारते, "काय हो मास्तर, कुठं गेला तुमचा पाऊस? मी मेली उन्हात धावून सगळे पापड आत घेतले की!" मास्तर हसतात, मावशीही हसते. पण असे दोनदा झाले, तिसऱ्यांदा झाले, की चौथ्या वेळी मावशी रेडिओकडे कान देत नाही. आणि चौथ्या वेळचा ढग कुठे उभा राहील, हे कुणी सांगावे? आपल्या देशात अंगावर वीज पडून दरवर्षी दोन हजारांहून अधिक माणसे दगावतात. त्यांत शेतात, रानात, गुरांमागे असलेली माणसे फार. म्हणून आज दोन गोष्टी सांगावयाच्या आहेत. अंदाज ऐकावा कसा, ही पहिली. आणि ऐकल्यावर घरात काय करावे, ही दुसरी.

प्रथम अंदाजातले शब्द घेऊ. 'तुरळक ठिकाणी' हा शब्द बोलण्याच्या ओघात आलेला नसतो. हवामान खात्यात त्याला ठरलेले माप आहे. त्या भागातल्या पर्जन्यमापन केंद्रांपैकी शेकडा २५ पर्यंत केंद्रांवर पाऊस अपेक्षित असेल, तर 'तुरळक ठिकाणी' म्हणतात. २६ ते ५० असेल तर 'काही ठिकाणी', ५१ ते ७५ असेल तर 'बऱ्याच ठिकाणी', आणि त्याहून अधिक असेल तर 'बहुतांश ठिकाणी'. आता हिशेब करा. 'तुरळक' म्हटले, त्याच वेळी खात्याने आपल्याला सांगून टाकले की, चार गावांपैकी निदान तीन गावे कोरडी राहतील. वीर कोरडे राहिले आणि पोलादपूरच्या वरच्या अंगाला एखाद्या वाडीत गडगडाट झाला, तर अंदाज बरोबरच आला. मावशीचे पापड वाचले, एवढाच काय तो फरक!

दुसरी गोष्ट रंगांची. हिरवा म्हणजे विशेष इशारा नाही. पिवळा म्हणजे लक्ष ठेवा. नारिंगी म्हणजे तयार राहा. लाल म्हणजे आता कृती करा. हे रंग पावसाच्या मापावरून नुसते ठरत नाहीत. नुकसान किती होऊ शकेल आणि ते होण्याचा संभव किती, या दोहोंचा विचार करून रंग देतात. पिवळा रंग ऐकून कुणी काम सोडून घरी बसावे असे नाही. कामाला जावे, पण मान वर करून आभाळाकडे बघत जावे.

तिसरी गोष्ट वाऱ्याची. ताशी ३० ते ४० किलोमीटरचा वारा वाळत घातलेले कपडे नि सुटा पेंढा उडवतो. ५० ते ६० चा वारा केळी आडव्या करतो, आंब्याच्या फांद्या मोडतो आणि सैल पत्रा उचलतो. तेव्हा विजेच्या इशाऱ्याबरोबर जो आकडा येतो, तो कानाआड करू नये.

आता कुणी विचारील, एवढी साधने असताना हे लोक वीर, दासगाव, महाड अशी नावे घेऊन का सांगत नाहीत? याचे उत्तर ढगाच्या जन्मात आहे. एप्रिल-मे महिन्यांत आपली जमीन भट्टीसारखी तापते. दुपारी समुद्राकडून दमट वारा आत येतो. पूर्वेला सह्याद्रीची भिंत उभी असते. ती दमट हवा डोंगराला अडून वर चढते, वर थंड होते, आणि तिच्यातल्या बाष्पाचे ढग बनतात. वरची हवा पुरेशी गार असली, तर हा ढग फुलकोबीच्या गड्ड्यासारखा फुगत दहा-बारा किलोमीटर उंच जातो. सकाळी ज्या ठिकाणी निरभ्र निळे आकाश होते, तेथे दुपारी तासाभरात असा ढग उभा राहतो; आणि त्याचा घेर कधीकधी चार-पाच किलोमीटरच असतो. हवा तापलेली आहे, दमट आहे, ढग होण्याजोगी आहे, एवढे आदल्या दिवशी सांगता येते. नेमका कोणत्या डोंगराच्या माथ्यावर पहिला गड्डा फुटेल, हे आदल्या दिवशी सांगता येत नाही. चुलीवर आधण ठेवले की पाणी उकळणार हे ठाऊक असते, पण पहिला बुडबुडा भांड्याच्या कोणत्या कडेला येईल ते कोण सांगणार? तसेच हे.

३ जून २०२० ला आलेल्या 'निसर्ग' चक्रीवादळाची गोष्ट वेगळी होती. चक्रीवादळ शेकडो किलोमीटरचे असते. ते समुद्रावर असतानाच त्याचा माग लागतो, म्हणून दोन-तीन दिवस आधीपासून सूचना मिळत होत्या. वळिवाचा ढग तेवढी सवड देत नाही. म्हणून त्याचा अंदाज तीन पायऱ्यांनी आपल्यापर्यंत येतो, आणि तिसरी पायरी आपली आपणच चढावयाची असते.

पहिली पायरी दिवसाची. जिल्ह्याला कोणता रंग दिला आहे, हे सकाळी ऐकावे. दुसरी पायरी तीन तासांची. मुंबईत कुलाबा आणि वेरावली येथे रडार आहेत. उभे राहिलेले ढग त्यांत दिसतात, आणि मग पुढच्या तीन तासांपुरता तातडीचा इशारा निघतो. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने 'दामिनी' नावाचे ॲप केले आहे. आपण जेथे उभे आहोत, तेथून २० आणि ४० किलोमीटरच्या आत वीज पडते आहे काय, ते या ॲपवर दिसते. घरात कुणा एकाच्या मोबाईलवर ते असले तरी वाडीचे काम भागते. तिसरी पायरी अर्ध्या मिनिटाची. तिला ना रडार लागते, ना मोबाईल. डोळे आणि कान लागतात.

वीज चमकते, तेव्हा तिच्या वाटेवरची हवा क्षणात सुमारे तीस हजार अंशांपर्यंत तापते. ती एकदम फुगते, आणि त्याचा आवाज म्हणजे गडगडाट. चमक आपल्याला तत्काळ दिसते. आवाज मात्र एक किलोमीटर यावयास सुमारे तीन सेकंद घेतो. म्हणून वीज चमकली की मोजायला लागावे: एक, दोन, तीन... गडगडाट ऐकू आला की थांबावे. जो आकडा आला त्याला तीनने भागावे. पंधरा आले तर वीज पाच किलोमीटरवर. आकडा तिसाच्या आत असेल तर वीज दहा किलोमीटरच्या आत आहे, आणि पुढची वीज आपल्या माथ्यावरही पडू शकते. त्या क्षणी हातचे काम टाकून आत जावे. शेवटचा गडगडाट ऐकल्यावर अर्धा तास बाहेर पडू नये. पाऊस पडत नाही म्हणून वीज पडणार नाही, असे समजू नका. सरीच्या पुढे कित्येक किलोमीटरवर, कोरड्या जागीही वीज पडते. मध्यमलहरींचा रेडिओ लावलेला असेल, तर दर चमकेबरोबर त्यात खर्रकन आवाज येतो. तीही एक सूचनाच समजा.

आता 'आत जावे' म्हणजे कुठे जावे? सर्वांत बरी ती पक्की, चारी बाजूंनी बंद असलेली इमारत: शाळा, ग्रामपंचायत, रेल्वे स्टेशनची इमारत. बंद काचांची मोटार किंवा एस.टी.ची गाडी चालेल. तिचा लोखंडी सांगाडा विजेला बाहेरच्या बाहेर जमिनीत नेतो. टायरच्या रबराचा येथे काही उपयोग नाही. उघडी पडवी, शेतातला मांगर, देवळाचा उघडा सभामंडप, रस्त्याकडेचा थांबा, ही ठिकाणे पावसापासून वाचवतील, पण विजेपासून वाचवणार नाहीत. आणि झाडाखाली तर मुळीच उभे राहू नये. झाडावर पडलेली वीज बुंध्यावरून बाजूच्या माणसावर उडी घेते, आणि मुळांभोवतीच्या जमिनीतही पसरते. गुरे अशीच मरतात. त्यांच्या पुढच्या आणि मागच्या पायांत अंतर असते, आणि जमिनीतला प्रवाह एका पायाने चढून शरीरातून दुसऱ्या पायाने उतरतो. म्हणून रानात आभाळ काळे व्हायला लागले की गुरे झाडाला बांधून ठेवू नका. वेळ असेल तर गोठ्याकडे वळवा. वेळ नसेल तर त्यांना मोकळी सोडा आणि आपला जीव वाचवा.

उघड्या माळावर सापडलात आणि आसरा जवळ नसला, तर पाय एकमेकांना जोडून उकिडवे बसा, मान खाली घाला, कान झाका. आडवे झोपू नका. चौघे जण असाल तर दूरदूर बसा. हा नाइलाजाचा उपाय आहे. आडोशाला वेळेवर जाणे, हाच खरा उपाय.

घरात आल्यावरही काही गोष्टी पाळाव्या लागतात. आपल्या कौलारू घरांवर वीजवाहक सळई क्वचितच असते. तेव्हा भिंतीला टेकून बसू नये. दार, खिडकी आणि ओटी यांपासून दूर, माजघरात बसावे. गडगडाट चालू असताना नळाखाली भांडी घासू नयेत, न्हाणीत जाऊ नये. टीव्ही, फ्रीज, पंप यांच्या पिना ढग जवळ येण्यापूर्वीच काढाव्यात. डोक्यावर कडाडू लागल्यावर भिंतीच्या बटणांना हात लावू नये. मोबाईल हातात असल्याने वीज ओढली जात नाही, परंतु चार्जरला जोडलेला मोबाईल कानाला लावू नये.

येथे दोन जुन्या समजुतींबद्दल बोलले पाहिजे. पायाळू माणसावर वीज पडते, असे आपल्याकडे म्हणतात. जन्मताना पाय आधी आले की डोके, हे विजेला कळत नाही. ती उंच नि एकाकी वस्तू शोधते. या समजुतीपायी पायाळू माणूस तेवढा घरात बसतो आणि बाकीचे निर्धास्तपणे शेतात राहतात, हे फार वाईट. दुसरी समजूत अशी की, अंगणात कोयता किंवा पहार टाकली की वीज घरावर येत नाही. अंगणात पडलेल्या कोयत्याने वीज टळत नाही. पण तो टाकायला ऐन कडकडाटात जो अंगणात उतरतो, तो मात्र उघड्यावर येतो. आजीने सांगितले म्हणून मुलांनी वाद घालू नये. कोयता ढग येण्याआधी टाकावा आणि मग आजीसह सर्वांनी माजघरात बसावे!

आता वाऱ्याची तयारी. आपल्याकडे पावसाळ्यापूर्वी घरोघर आगोटीची कामे होतात. सरपण, मसाला, सुकी मासळी, तांदूळ भरून ठेवतात. त्याच दिवसांत छपराचीही आगोट करावी. पत्र्यांचे हूक आणि बोल्ट कुणाला तरी वर चढवून एकेक तपासावेत. पत्रा उडू नये म्हणून वर नुसते दगड ठेवण्याची रीत धोक्याची आहे. पत्रा उचलला गेला की दगड घरातल्याच माणसावर येतो. 'निसर्ग' वादळात वाऱ्याचा वेग ताशी ११० ते १२० किलोमीटरपर्यंत होता. रायगडात घरांची छपरे गेली, आंबा-सुपारीच्या बागा आडव्या झाल्या, आणि कित्येक गावे आठवडेच्या आठवडे अंधारात होती. वळिवाच्या वाऱ्याला एवढा जोर नसतो, पण सैल पत्र्याला तेवढा जोरही पुष्कळ होतो. घरावर झुकलेल्या आंब्या-फणसाच्या फांद्या एप्रिलातच उतरवाव्यात. विजेरी, काडेपेटी, भरलेला मोबाईल, सेलवरचा रेडिओ आणि रोजची औषधे एका ठिकाणी असावीत, आणि ते ठिकाण घरातल्या लहानथोर सर्वांना ठाऊक असावे. शिधापत्रिका, सातबारा, बँकेचे पुस्तक प्लास्टिकच्या पिशवीत बांधून ठेवावे. लाइट गेली की पंप बंद पडतो, म्हणून पिण्याचे पाणी भरलेले असावे. वाऱ्यानंतर रस्त्यावर तार पडलेली दिसली, तर ती मेलेली आहे असे समजू नये. काठीनेही शिवू नये, मुलांना दूर ठेवावे आणि वीज मंडळाच्या माणसांना कळवावे.

इतके करूनही कुणावर वीज पडली तर? अशा माणसाच्या अंगात वीज साठून राहत नाही. त्याला हात लावल्याने तुम्हांला धक्का बसणार नाही. ही एक गोष्ट ठाऊक नसल्यामुळे लोक दूर उभे राहतात आणि वाचण्याजोगा माणूस जातो. श्वास बंद असेल आणि हाक मारल्यावर हूं की चूं करीत नसेल, तर त्याला उताणे ठेवून छातीच्या मधोमध दोन्ही हातांनी जोराने दाबावे. मिनिटाला शंभर ते एकशेवीस वेळा, सुमारे दोन इंच खोल, न थांबता. एकाने दाबावे, दुसऱ्याने १०८ क्रमांकाला फोन करावा. शेणामातीत ठेवणे, अंगारा लावणे यांत मिनिटे घालवू नयेत. ती मिनिटे त्याच्या जिवाची आहेत.

श्रोतेहो, आणखी एक शब्द सांगितल्याशिवाय हे बोलणे पुरे व्हावयाचे नाही. वळिवाच्या इशाऱ्यात आपण 'विजांचा कडकडाट' ऐकतो. जून उलटल्यावर अंदाजात 'मुसळधार' आणि 'अति मुसळधार' हे शब्द येऊ लागतात. त्यांचेही माप आहे. चोवीस तासांत सुमारे ६५ ते ११५ मिलिमीटर म्हणजे मुसळधार, ११५ च्या पुढे २०४ पर्यंत अति मुसळधार, आणि त्याहूनही वर गेला तर अत्यंत मुसळधार. आपला मुलूख या शब्दांची किंमत जाणतो. २००५ च्या जुलैत दासगाव, जुई, रोहन, कोंडिवते येथे दरडी कोसळल्या. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळचा सावित्री नदीवरचा जुना पूल वाहून गेला. २२ जुलै २०२१ ला तळीये गावावर डोंगर आला, आणि त्याच दिवसांत महाड शहर पाण्याखाली होते. विजेच्या इशाऱ्याला घरात जाणे शहाणपणाचे असते. डोंगराच्या पायथ्याशी घर असेल, तर अति मुसळधार पावसाच्या इशाऱ्याला तेच घर सोडून सुरक्षित जागी जाणे शहाणपणाचे असते. आभाळ दोन्ही वेळा काळेच दिसते, पण करावयाचे ते अगदी उलट. म्हणून 'पाऊस सांगितलाय' एवढेच ऐकून उठू नका. कोणता शब्द सांगितला, तो ऐका.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती आहे. शाळेच्या दारापाशी एक लहान फळा राखून ठेवावा. रोज प्रार्थनेनंतर एका मुलाने त्यावर जिल्ह्याचा अंदाज लिहावा: रंग कोणता, ठिकाणी कोणत्या, वारा किती. दुसऱ्या दिवशी त्याखाली लिहावे, आपल्या गावात काय झाले, आणि पलीकडच्या वाड्या-कोंडांवरून येणाऱ्या मुलांकडे काय झाले. महिनाभरात मुलांना स्वतःच उमगेल की, वीरला कोरडा गेलेला दिवस करंजाडीला ओला होता. चमक आणि गडगडाट यांतले सेकंद मोजण्याचा पाठ वर्गाच्या आतून, खिडकीपासून दूर बसून घ्यावा. भागाकाराचा सरावही होईल. ऑक्टोबरात भातकापणीच्या वेळी परतीच्या पावसाबरोबर विजा पुन्हा येतात, तेव्हा हा पाठ पुन्हा एकदा घ्यावा. कारण तेव्हा आईबाप खळ्यावर असतात, आणि भारे भिजू नयेत म्हणून शेवटचा भारा उचलेपर्यंत थांबतात. त्या वेळी "आये, पंधराच आले, चल घरात," असे म्हणणारे मूल खळ्यावर असले, तर शाळेने शिकवलेले सार्थकी लागले.

भारा भिजला तर पुन्हा वाळवता येतो. मावशीचे पापड तीनदा उगाच उचलले गेले, त्यात तिची तीन वेळची दहा-दहा मिनिटे गेली. चौथ्या वेळीही तिने ती द्यावीत, एवढेच आज सांगावयाचे होते. उद्या सकाळी अंदाज लागेल, तेव्हा घरातल्या एकाने तरी कान देऊन ऐकावा, आणि कामाला निघणाऱ्यांना दाराशीच सांगावा.